अक्षरांतले टाके

घटस्थापना झाली की भिवंडीचं ऊन बदलतं. पावसाळाभर भिजलेल्या भिंती आतून सुकू लागतात, पत्र्यावरचं शेवाळ काळं पडून पापुद्र्यासारखं सुटतं, आणि कोन गावाच्या बाजूनं वारा आला तर त्यात कापलेल्या भाताचा गोडसर, धुळकट वास असतो. हल्ली त्या वाऱ्याला वाट वाकडी करून यावं लागतं. मध्ये गोदामं उभी राहिलीत, पार पूर्णा गावापर्यंत नुसते निळे पत्रे. तरी एखाद्या दुपारी तो वास येतोच. मग मी हातातलं काम ठेवते आणि कान देते. वासाला कान कसा देतात ते मला सांगता येणार नाही. पण त्या वासाबरोबर मला नेहमी एक शांतता ऐकू येते, आणि त्या शांततेत कागदावर ब्रश टेकल्याचा आवाज.

दोन हजारच्या दशकातली ती शेवटची वर्षं. दुपारी लोडशेडिंग असायचं. भिवंडीतल्या कामतघर भागात आमच्या गल्लीच्या दोन्ही अंगांना लूम, म्हणजे यंत्रमाग, होते, आणि त्यांची खटखट आम्हाला आवाज वाटतच नसे. पाळण्यात असल्यापासून ती कानात होती. आवाज आहे हे तो थांबल्यावरच कळायचं. वीज गेली की शेवटचा एखादा लूम अडखळल्यासारखे दोन-चार ठोके द्यायचा आणि गप्प व्हायचा. मग हळूहळू एकेक गोष्ट वर यायची. आधी कावळा, मग कुणाच्या तरी मोरीतलं ठिबकणं, मग तलावाकडून कपडे धोपटल्याचा आवाज, तोही जरा उशिरा, जसा काही विचार करून येतोय. लूमवरची माणसं गंजीफ्रॉकवर बाहेर येऊन सावली असेल तिथं आडवी व्हायची. सगळं गाव भरदुपारी डोळे मिटायचं, आणि मला मात्र तेव्हाच जाग आल्यासारखं वाटायचं.

त्या वर्षी बाबाही गप्प होते.

बाबा ग्राफ काढायचे. जकार्डच्या लूमवर काठ-पदर विणायचा तर त्याची नक्षी आधी चौकटींच्या कागदावर काढावी लागते. एक चौकट म्हणजे उभ्या आणि आडव्या धाग्याची एक भेट. चौकट रंगवली की तिथं रंगीत धागा वर येणार, कोरी सोडली की खाली जाणार. तो कागद बघून पुठ्ठ्याच्या पत्त्यांना भोकं पाडायची, आणि मग ते पत्ते लूमला सांगत बसतात, आता हा धागा उचल, आता तो. बाबांचं शिक्षण चौथीपर्यंतचं. पण मोर, कुयरी, वेल, काहीही सांगा, ते चौकटीत बसवून द्यायचे. लहानपणी मला वाटायचं, जगातली सगळी पाखरं आधी बाबांच्या कागदावर चौकोनी असतात आणि मग उडायला लागल्यावर गोल होतात.

मग कारखान्यात संगणक आला. बाबांना कुणी जा म्हटलं नाही. काम येईनासं झालं, एवढंच. आधी आठवड्यातून एकदा मुकादम निरोप द्यायचा, मग सणाला भेटला की हसायचा, मग रस्त्यात दिसला की दुसरीकडे बघायचा. आणि मी त्याच सुमाराला संगणकशास्त्रात बी.एस्सी. झाले होते. आईच्या आणि बाबांच्या, दोन्ही घराण्यांत पदवीचा कागद पाहिलेली मी पहिली. ज्या यंत्रानं बाबांचं काम नेलं तेच शिकायला बाबांनी मला पाठवलं होतं. हे त्यांना ठाऊक होतं, मला ठाऊक होतं, आणि आम्ही त्याबद्दल कधी बोललो नव्हतो.

दर खंडेनवमीला बाबा आपले ब्रश धुऊन, पुसून, बारीकपासून जाडपर्यंत ओळीनं पाटावर मांडायचे. सोबत पट्टी आणि एक कोरा ग्राफ. त्यावर आई हळदकुंकू वाहायची. त्या वर्षी पाटावर आईचा भात कापायचा विळा होता. मी गावातल्या एका संगणकवर्गात शिकवत होते. तिथल्या सरांनी विश्वासानं माझ्या हाती दिलेली वर्गाची किल्लीही पाटावर होती. ब्रश नव्हते.

"अवो, तुमचं सामान?" आईनं विचारलं.

"हत्याराची पूजा असते," बाबा म्हणाले. "बिनकामाचं ते लाकूड."

 आईनं झेंडूचं एक फूल जास्तीचं तोडून ठेवलं होतं, ते तिनं विळ्यावरच वाहिलं. दसरा झाला तशी ती पहाटे कोनला मामाच्या शेतावर कापणीला जायला लागली आणि घरात मी, बाबा आणि दुपारची ती शांतता उरलो.

माझ्या हातात तेव्हा एक विचित्र काम आलं होतं. विचित्र यासाठी, की ते सांगितलं नव्हतं कुणी आणि मागितलं होतं सगळ्यांनी. कॉलेजात असताना मी मराठीच्या एका मुक्त फॉन्टमधल्या चुका कळवत असे. मुक्त म्हणजे कुणीही वापरावा, सुधारावा, पुढं द्यावा असा. फॉन्ट करणारी माणसं देशोदेशी पसरलेली होती आणि ती एकमेकांना ईमेलवर भेटायची. तिथंच कुणीतरी विचारलं, जावा बेटावरच्या लिपीसाठी असा फॉन्ट करायला कुणी मदत करील का? ख्मेर, बर्मी, बाली, तिकडच्या लिपींवर माणसं एकेक करून कामाला लागली होती, तरी जावाचं ताट अजून बरंचसं रिकामं होतं. एक-दोन फॉन्ट होते, पण ते इंग्रजी अक्षरांच्या जागा उसन्या घेऊन चालायचे. संगणकात त्या लिपीला स्वतःची अशी जागाच तोवर मिळाली नव्हती. लवकरच मिळणार, असं बोललं जात होतं. मला ते ऐकून उगाच आमच्या गल्लीतली नवी बिऱ्हाडं आठवली, खोली मिळेपर्यंत दुसऱ्याच्या ओट्यावर झोपणारी.

मी हो म्हटलं. आणि मला बू लस्त्री मिळाल्या.

बू म्हणजे बाई, आणि आईही. त्या जावामधल्या एका खेड्यात शाळेत शिकवायच्या. मुलांना आठवड्यातून एक तास त्यांची जुनी लिपी शिकवायची असे, आणि त्यासाठीचं प्रत्येक पान त्या हातानं लिहून छापून काढायच्या. त्यांना मुलांसाठी छापील अक्षरांचा एक वाचनपाठ आणि भिंतीवर लावायला मोठा तक्ता हवा होता. त्यांचं इंग्रजी माझ्यासारखंच होतं, नव्या वहाणा घालून चालणारं, जपून. त्यामुळे आमचं छान जमलं. पहिल्या ईमेलमध्ये त्यांनी विचारलं, "तुमच्या गावात काय पिकतं?" मी लिहिलं, "भात आणि कापड." त्यांनी लिहिलं, "आमच्याही."

त्यांनी पाठवलेला अक्षरांचा नमुना मी वर्गात छापून घरी आणला. ती अक्षरं पहिल्यांदा पाहिली तेव्हा मला वाचताही येत नव्हती आणि अनोळखीही वाटली नाहीत. एकापुढे एक कमानी, कमानींच्या टोकांना गाठी, कुठं लोंबीसारखं झुकलेलं शेपूट. आपली अक्षरं शिरोरेषेला धरून असतात, जावाची कागदावरच्या ओळीखाली लोंबत लिहायची पद्धत. दोन शब्दांत जागा सोडत नाहीत. ओळ सुरू झाली की ताग्यातल्या कापडासारखी उलगडतच जाते. आपल्याकडे जोडाक्षरात पहिलं अक्षर आपला अर्धा देह सोडून देतं. त्यांच्याकडे पहिलं पूर्ण राहतं आणि दुसरं, बहुतेक वेळा, त्याच्या पायाशी जाऊन बसतं. एकाच घरातून निघालेल्या दोन बहिणींनी वेगवेगळ्या सासरी वेगवेगळ्या रीती धराव्यात, तसं.

घरी संगणक नव्हता, आणि असता तरी दुपारी वीज नव्हती. अक्षरं आधी मोठी, चौकटीच्या कागदावर काढावीत, मग वर्गात नेऊन संगणकात उतरवावीत, असं मी ठरवलं. चौकटीचा कागद आमच्या घरात पोत्यानं पडून होता.

"बाबा, एक ग्राफ घेऊ?"

बाबा खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडले होते. "घे. उंदीर खानार त्यापरीस तू घे."

मी ओट्यावर, जिथं तिरपं ऊन यायचं तिथं, फळी मांडून बसायला लागले. आमच्या ओट्याच्या कडेला रामसूरत नावाचा लूमवाला येऊन झोपायचा. त्यानं पहिल्याच दिवशी एक डोळा उघडून विचारलं, "बिटिया, ई कौन मंतर लिखत हौ?"

"मंतर नाही चाचा, दूसरे देस की बाराखडी है."

"हमको लगा परीक्षा का ताबीज है." आणि तो कूस बदलून झोपला.

किती दुपारी गेल्या आठवत नाही. मी काढायचे, खोडायचे. चौकटी भरताना कमानीला पायऱ्या पडत. पायऱ्या बुजवाव्या तर कमान सुजे. बाबा खाटेवरून उठून पाणी प्यायला यायचे आणि माझ्या मागून जायचे. आधी नुसते जायचे. मग जरा थांबून जायचे. मग एक दिवस तांब्या हातात धरून उभेच राहिले.

"ये काय काढतंस गो बाय?"

"अक्षर आहे. ह."

"ह असंल. पन ह्या कमानी एका आईच्या वाटत न्हाईत."

मी पेन्सिल पुढं केली. त्यांनी घेतली नाही. बोटानं हवेतच वळण दाखवलं. "हितं चडताना सावकाश चड. एक चौकट, मग दोन, मग तीन. उतरताना उलटं. घाई केलीस की पायरी दिसते."

"काढून दाखवा ना."

"मना काय कलतंय त्यातलं."

पण तांब्या खाली ठेवला गेला. तेवढं मी पाहिलं. फळीच्या दुसऱ्या बाजूला बाबा मांडी घालून बसले, पेन्सिल घेतली, नमुन्याचा कागद उन्हात धरला, फिरवला, पुन्हा सरळ केला. आणि मग तो आवाज. शिसं खरखरीत कागदावरून सावकाश चढतंय. संपूर्ण गाव निजलेलं, वारा भाताचा वास घेऊन आलेला, आणि बाबांच्या हाताखाली हजारो मैलांवरच्या मुलांचा ह उमटतोय.

दुसऱ्या दिवशी कपाटावरून ब्रश खाली निघाले.

तो सगळा महिना मला एका लांब दुपारसारखा आठवतो. बाबा बाह्यरेषा काढायचे, मग काळ्या रंगानं चौकटी भरायचे, आणि मी वाळलेली पानं संध्याकाळच्या वर्गाला जाताना घेऊन जायचे. वीज असेल तेवढ्या वेळात स्कॅन करायचं, अक्षर संगणकात उतरवायचं, पाठवायचं. सकाळी वर्ग उघडला की ईमेलमध्ये बू लस्त्रींचं उत्तर आलेलं असे: छान आहे, शेपूट जरा आत. ते मी बाबांना मराठीत सांगायचे. बाबा मान डोलवायचे. त्यांनी कधी विचारलं नाही की ही बाई कोण, वय काय, कुठं राहते. फक्त एकदा म्हणाले, "नजर चांगली हाय तिची."

आई संध्याकाळी कोनहून यायची, केसांत तूस, डोक्यावर भाताची गोणी. ओटाभर कागद वाळत पडलेले.

"बापलेकीनं ओटा आडवलाय आख्खा. भात कुठं घालू, त्या बाईच्या शाळेत?"

"जरा थांब गो, वल्ला हाय तो," बाबा म्हणायचे.

"मीपन वलीच हाय घामानं. मना कोन वालत घालतंय?"

आणि बाबा हसायचे. ते हसू पुष्कळ दिवसांनी आमच्या घरी आलं होतं. आई पदरानं तोंड पुसताना ते चोरून बघून घ्यायची.

बू लस्त्रींनी त्यांच्या मुळाक्षरांची एक गोष्ट लिहून पाठवली होती. तिकडे ती शाळेतल्या पोरापोराला येते. ह न च र क, द त स व ल, अशी वीस अक्षरं ओळीनं म्हटली की त्यातून एक गोष्ट निघते. एका राजाचे दोन सेवक. एकाला सांगितलं, ही कट्यार सांभाळ, माझ्याशिवाय कुणाला देऊ नकोस. दुसऱ्याला काही दिवसांनी सांगितलं, जा, ती कट्यार घेऊन ये. दोघे इमानी, दोघांची ताकद सारखी. भांडले, आणि दोघेही मेले. मी ती बाबांना वाचून दाखवली. ब्रश थांबला.

"मालकानं नीट सांगितलं न्हाय," बाबा म्हणाले. "दिवसपालीला येक सांगितलं, रातपालीला दुसरं. मेले कामगार."

मी ते तसंच इंग्रजीत कळवलं. बू लस्त्रींनी लिहिलं, इतकी वर्षं ही गोष्ट शिकवतेय, राजाची चूक पहिल्यांदाच कुणी काढली.

"ह्या अक्षरांचा मालक कोन?" त्याच दुपारी बाबांनी विचारलं.

"कुणीच नाही. म्हणजे सगळे. कुणीही घ्यावीत, वापरावीत, बदलावीत."

बाबा खूप वेळ ब्रश पाण्यात ढवळत राहिले. आमच्या गावात नक्षी चोरण्यावरून डोकी फुटलेली त्यांनी पाहिली होती. आणि ज्याची नक्षी, त्याचं नाव कुठल्याच कापडावर कधी नसे. "कुनीपन घेनार," ते स्वतःशीच म्हणाले, "मंग चांगलंच काढाय पायजे."

सगळी अक्षरं होत आली तेव्हा बू लस्त्रींनी भिंतीवरच्या तक्त्यासाठी ती मोठी करून छापली. आणि त्यांचा ईमेल आला. तो मी वर्गात एकटीच असताना उघडला. सोबत छापील पानाचा फोटो होता, आणि अक्षरांच्या जाड भागांवर लाल पेन्सिलीनं बारीक वर्तुळं. त्यांनी फार हळुवारपणे विचारलं होतं: अक्षरांना भोकं का आहेत? मुलं विचारतात, वाळवी लागली का?

मी पुन्हा पुन्हा फोटो पाहिला. आणि मग मला ती दिसली. आधी दिसलीच नव्हती असं नाही. मी ती जन्मापासून बघत आले होते. बाबांच्या प्रत्येक मोराच्या अंगात, प्रत्येक कुयरीच्या पोटात ती असायची. कापडावर रंगीत धागा फार लांब मोकळा धावू दिला तर तो वर लोंबतो. बांगडीत अडकतो, नखाला लागतो, ओढला जातो, आणि नक्षी उसवते. म्हणून भरलेल्या रंगात मधूनमधून एक चौकट कोरी सोडायची. तिथं धागा खाली जाऊन धरला जातो. त्याला बाबा टाका म्हणायचे. जाड रेघ दिसली की बाबांचा हात आपोआप टाका सोडत होता, आणि माझ्या डोळ्यांना ते भोक कधी भोक वाटलंच नव्हतं. ग्राफ तसाच असतो, एवढंच मला माहीत होतं. कागदावर छापायच्या अक्षराला कुणाची बांगडी अडकणार होती?

त्या सकाळी मी तलावाच्या कडेनं लांबून घरी आले. संगणकावर ती छिद्रं बुजवणं अवघड नव्हतं. बाबांना कळलंही नसतं. पण माझ्या डोळ्यांपुढे तो पाट येत होता, विळा, किल्ली आणि फूल. आधी एका यंत्रानं त्यांच्या हातचं काम न सांगता नेलं होतं. आता दुसऱ्यांदा तेच, आणि ते माझ्या हातानं? मी घरी गेले आणि फोटोचा छापलेला कागद त्यांच्यापुढे ठेवला.

"बाबा, त्या विचारतायत, अक्षरांना भोकं का आहेत."

"भोकं?" बाबांनी कागद उन्हात धरला. "टाके हाईत ते."

 त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग कागदाकडे, मग ओट्यावर वाळत पडलेल्या अक्षरांकडे. मला त्यांच्या चेहऱ्यावर ती गोष्ट पोचताना दिसली.

"कागदाला टाका कशाला लागंल," ते म्हणाले. आणि हसले. ते हसू आधीच्या हसण्यांपैकी नव्हतं. "लूमचा मानूस मी. अक्षरं विनाय बसलो."

त्यांनी ब्रश धुतले, फडक्यात गुंडाळले आणि ते बोचकं कपाटावर अगदी मागं सरकवलं. दुपारी वीज गेली, लूम थांबले. ऊन तसंच तिरपं आलं. पण त्या दिवशी शांततेतून काहीच वर आलं नाही. रामसूरतनं डोळा उघडून विचारलं, "आज मंतर नाहीं?" आणि उत्तर न मिळाल्यावर त्यानं तो हळूच मिटून घेतला.

मी बू लस्त्रींना सगळं लिहिलं. टाका म्हणजे काय, तो का घालतात, माझे वडील काय काम करायचे आणि आता का करत नाहीत. जेवढं इंग्रजी होतं तेवढं सगळं खर्च केलं. वाळवी नाही, लिहिलं. अक्षरं उसवू नयेत म्हणून घातलेली काळजी आहे. मी ती भोकं बुजवून पाठवते. आणि मग काही दिवस उत्तर आलं नाही. आई संध्याकाळी आली की आधी ओट्याकडे बघायची. ओटा मोकळा असायचा. ती भात पसरायची, पण चिडायला काही नसल्यामुळे तिला ते कामही जड जात होतं.

उत्तर आलं ते लांबलचक होतं, आणि त्यासोबत एका जुन्या कापडाचा फोटो होता. तपकिरी कापड, त्यावर पानं आणि पाखरं, आणि प्रत्येक पानाच्या पोटात टिंबांची बारीक पखरण.

घरी बाबा खाटेवर होते, भिंतीकडे तोंड. मी तशीच वाचायला लागले, एकेक वाक्य मराठीत आणत.

बू लस्त्रींची आई बाटिकचं कापड करायची. वितळलेलं मेण एका बारीक तोटीच्या लेखणीत घेऊन कापडावर नक्षी काढायची, मग कापड रंगात बुडवायचं. मेण असेल तिथं रंग चढत नाही. मोठ्या पानाच्या आत ती टिंबं भरायची. एकेक टिंब, मेणाचा एकेक थेंब. ती म्हणायची, टिंबाशिवाय पान म्हणजे श्वास न घेतलेलं पान. "तुमचा ईमेल वाचून मी आईचं कापड पेटीतून काढलं," बू लस्त्रींनी लिहिलं होतं. "तुमच्या वडिलांची अक्षरं त्याच्या शेजारी ठेवली. लहान मुलांना वाचायला भरीव अक्षरं द्या. पण तक्त्यासाठी आणि पाठांच्या नावांसाठी मला टाक्यांचीच अक्षरं हवीत."

बाबा हलले नाहीत. मी शेवटचं वाक्य वाचलं. "त्यांना एक विचारा. सगळीकडे टाके आहेत, पण जिथं अक्षर वळतं तिथं त्यांनी ते सोडलेले नाहीत. माझी आईही वळणावर टिंब देत नसे. मी लहान होते, का ते विचारायचं राहिलं. त्यांना माहीत आहे का?"

खाट करकरली.

"वलनावर धागा आपोआप दबतो," बाबा भिंतीला म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "तिथं टाका घातला की वलन मोडतं. नजर अडकते. लिव तिला."

"लिहिते."

"आनि ते मेनाचं कापड दाखव मना."

मी फोटो दिला. ते तो घेऊन ओट्यावर गेले, उन्हात धरला आणि कितीतरी वेळ बघत राहिले. कोण कुठली बाई, कधीच निवर्तलेली, समुद्रापलीकडे चुलीशेजारी मेण वितळवत बसलेली. तिच्या आणि बाबांच्या हातांना एकच गोष्ट ठाऊक होती, आणि ती दोघांना कुणी शिकवली होती कोण जाणे. वीज होती, लूम चालू होते, गल्ली दणाणत होती. त्या दणदणाटात बाबा मोठ्यानं म्हणाले, "बाय, वरचं बोचकं काढ."

अक्षरांचे दोन संच झाले. एक भरीव, एक टाक्यांचा. पुढं त्या लिपीला संगणकात स्वतःची जागा मिळाली आणि आमची अक्षरं उसन्या ओट्यावरून आपल्या घरात राहायला गेली. त्यांची व्यवस्था माझ्याहून जाणत्या माणसांनी लावली. फॉन्टसोबत काम करणाऱ्यांची नावं जातात, त्यांत बाबांचं नाव गेलं. ते मी त्यांना संगणकावर दाखवलं, तेव्हा त्यांनी वाचलं आणि एवढंच विचारलं, "तिच्या आयेचं नाव घातलंस का?" मी घातलं नव्हतं. मग घातलं. पुढच्या खंडेनवमीला पाटावर ब्रश आले, आणि त्यानंतर कधी चुकले नाहीत.

आता लोडशेडिंग नाही. आमच्या गल्लीतले बरेच लूम भंगारात गेले. रामसूरत गावी गेला तो गेलाच. शांतता आता दुपारपुरती येत नाही, ती राहायलाच आली आहे, आणि तिच्यातून वर काही येत नाही. मी त्या अक्षरांच्या बळावर पुढं कामाला लागले, चार माणसांत बसले, विमानातही बसले. शिकवणाऱ्या सगळ्यांचे उपकार मोजायला बसले की मी शाळेपासून सुरुवात करते, कॉलेज, संगणकवर्गाची किल्ली देणारे सर, बू लस्त्री, आणि दर वेळी पोचते त्या फळीपाशीच. बाबांचे हात आता कापतात. गेल्या काही वर्षांत पाटावर ब्रश मांडले जातात ते नुसते मांडण्यापुरतेच. परवाच्या खंडेनवमीला तर आईनंच ते धुतले. बाबा खुर्चीवरून बघत होते, आणि मला वाटलं, आता ते पुन्हा म्हणणार, लाकूड हाय.

तेवढ्यात माझ्या फोनवर बू लस्त्रींचा फोटो आला. त्या निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली. शाळेच्या फाटकावर नवी कमान बांधली आहे, आणि त्यांच्याच एका जुन्या विद्यार्थ्यानं तिच्यावर शाळेचं नाव रंगवलं आहे. जुन्या तक्त्यावरून बघून, हातानं, टाक्यांसकट. निळ्या कमानीवर पांढरी अक्षरं, पोटात निळी टिंबं, आणि खाली दप्तरं घेतलेली पोरं.

मी फोन बाबांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा वर केला, खाली केला. बोटानं चित्र मोठं करायला मी त्यांना शिकवलं होतं. ते एकेक अक्षर मोठं करत गेले. मध्येच थांबले.

"पोरगं चांगलं हाय. पन हितं बघ, वलनावर टाका घातलाय."

खरंच घातला होता.

"वलन मोडलं ना," बाबा म्हणाले. खुर्चीचे हात धरून ते उठले, पाटाशी आले आणि वाकून हळदकुंकवातला मधला ब्रश उचलला. पूजेचा कोरा ग्राफही उचलला. झेंडूचं फूल घरंगळून विळ्यापाशी गेलं.

"अवो, पूजेतलं हाय ते!" आई ओरडली. "आजच्या दिस हत्यार उचलत न्हाईत!"

"रंग कुठं ठेवलाय बाय?" त्यांनी मला विचारलं. मग आईकडे वळून, जरा समजावणीच्या सुरात म्हणाले, "काम आलंय."